शिनेड ओ'कॉनर : ऐकू येऊनही न ऐकलेला आवाज



शिनेड ओ'कॉनर ही आयरिश गायिका-गीतकार २६ जुलै २०२३ रोजी लंडनमध्ये वयाच्या ५६ व्या वर्षी वारली. तिच्यावर जे मृत्युलेख आले त्यांत एक वाक्य फिरून फिरून येत होतं : ती काळाच्या पुढे होती. त्याआधी तीस वर्षं तिच्याबद्दल दुसरंच वाक्य रूढ होतं : सोन्यासारखा गळा लाभलेल्या एका मुलीनं टीव्हीवर पोपचा फोटो फाडला आणि आपल्या हातानं आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतला. पहिलं वाक्य प्रेमानं लिहिलेलं आहे, दुसरं रागानं किंवा फार तर कीव येऊन. पण दोन्ही वाक्यं ऐकणाऱ्यांना मोकळं सोडतात. ती भ्रमिष्ट असेल तर तिचं ऐकून घ्यायचं कारणच नव्हतं. आणि ती काळाच्या पुढे असेल तर तिचं म्हणणं तेव्हा कळणं कुणाला शक्यच नव्हतं. मला आज जे मांडायचं आहे ते असं, की ती काळाच्या पुढे मुळीच नव्हती. ती ज्याबद्दल बोलत होती ते तिच्या डोळ्यांदेखत, त्याच वर्षांत, त्याच शहरांत घडत होतं. पुष्कळांना ते ठाऊक होतं, थोडंफार छापूनही आलं होतं. तिनं भविष्य वर्तवलं नाही, साक्ष दिली. साक्षीदाराला द्रष्टा म्हटलं की साक्षीकडे पाठ फिरवणाऱ्यांवरचा ठपका आपोआप पुसला जातो. म्हणून हा भेद मला महत्त्वाचा वाटतो, आणि तो तिच्या आयुष्यातूनच दाखवता येतो.

तिचा जन्म ८ डिसेंबर १९६६ चा, डब्लिनचा. पाच भावंडांतली ती तिसरी. थोरला भाऊ जोसेफ पुढे कादंबरीकार म्हणून नावारूपाला आला. तिचं नाव तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष एमन डी व्हॅलेरा यांच्या पत्नीवरून ठेवलेलं आणि मधलं नाव लूर्दच्या संत बर्नाडेटवरून. राज्यसत्ता आणि धर्मसत्ता एका लहान मुलीच्या नावात अशा शेजारी येऊन बसल्या होत्या, आणि तेव्हाचं आयर्लंड तसंच होतं. १९३७ च्या राज्यघटनेनं घटस्फोटाला बंदी घातलेली होती आणि कॅथलिक चर्चला विशेष स्थान दिलेलं होतं. शाळा, इस्पितळं, अनाथाश्रम, सुधारगृहं बहुतांशी धर्मसंघांच्या हातात होती. शिनेडचे आईवडील वेगळे झाले, पण कायद्यानं ते एकमेकांपासून सुटू शकत नव्हते. वडील शॉन ओ'कॉनर पेशानं अभियंते. ते पुढे वकील झाले आणि घटस्फोटाच्या हक्कासाठी झगडणाऱ्या गटाचे अध्यक्षही झाले. १९८६ च्या सार्वमतात ती बाजू हरली. १९९५ मध्ये जिंकली, तीही एक टक्क्याहून कमी फरकानं. आईच्या घरी मुलांना बेदम मारहाण होत असे. शिनेडनं हे मुलाखतींतून अनेकदा सांगितलं आणि २०२१ सालच्या 'रिमेंबरिंग्ज' या आत्मचरित्रात सविस्तर लिहिलं. घरातल्या मारहाणीचं मूळ ती केवळ आईच्या स्वभावात शोधत नव्हती. ज्या व्यवस्थेत वेगळं होणं हेच पाप, मुलं ही आईबापांची मालमत्ता आणि वेदना ही पवित्र, त्या व्यवस्थेत आपली आईही घडली आणि मोडली, असं ती मांडत राहिली. हा विचार तिला नंतर कुणी शिकवलेला नव्हता. तिच्या पहिल्या गाण्यांपासून तो दिसतो.

शाळा बुडवणं आणि दुकानांतून चोऱ्या करणं यांवरून पंधराव्या वर्षी तिला डब्लिनच्या ड्रमकॉन्ड्रा भागातल्या 'अन ग्रिआनान' या संस्थेत ठेवण्यात आलं. तिथे ती सुमारे दीड वर्ष होती. संस्था 'अवर लेडी ऑफ चॅरिटी' या संघाच्या नन चालवत, आणि ती हाय पार्क मठाच्या आवारात होती. त्याच आवारात आयर्लंडमधल्या मोठ्या मॅग्डलीन लाँड्र्यांपैकी एक चालत असे. मॅग्डलीन लाँड्री म्हणजे काय हे थोडक्यात सांगायला हवं. लग्नाआधी गरोदर राहिलेल्या, घरच्याच कुणाच्या अत्याचाराला बळी पडलेल्या, अनाथ, मंदबुद्धी, किंवा नुसत्याच घरच्यांना नकोशा झालेल्या मुली आणि बायका तिथे ठेवल्या जात आणि त्यांच्याकडून बिनपगारी धुणं धुऊन घेतलं जाई. हॉटेलं, इस्पितळं आणि सरकारी खातीसुद्धा या लाँड्र्यांची गिऱ्हाइकं होती. कित्येक बायका तरुणपणी आत गेल्या आणि तिथेच वारल्या. शिनेडनं आत्मचरित्रात सांगितलेला एक प्रसंग या जागेची पुरती ओळख करून देतो. पळून गेल्याची शिक्षा म्हणून तिला आवारातल्या मरणपंथाला लागलेल्या म्हाताऱ्यांच्या खोलीत झोपायला धाडण्यात आलं. रात्री त्या बायका नर्सला हाका मारत होत्या आणि कुणी येत नव्हतं. त्या कोण, हे तिला तेव्हा कुणी सांगितलं नाही; लाँड्रीत जन्म काढलेल्या त्या बायका होत्या हे तिला पुढे उमगलं. याच संस्थेत एका ननने तिला गिटार घेऊन दिली हेही सांगायलाच हवं, कारण ते तिनं स्वतः कृतज्ञतेनं सांगितलं आहे. तिथे येणाऱ्या एका बाईंनी तिचं गाणं ऐकलं. त्यांचा भाऊ 'इन तुआ नुआ' या वाद्यवृंदात ड्रमवादक होता, आणि तिथून शिनेडची गाण्याच्या जगाशी पहिली ओळख झाली.

आता एक तारीख लक्षात ठेवा. शिनेडनं फोटो फाडला तो ऑक्टोबर १९९२ मध्ये. त्यानंतर वर्षही उलटलं नव्हतं, तेव्हा हाय पार्कच्या मठानं आपल्या जमिनीचा तुकडा बांधकाम व्यावसायिकाला विकला. त्या जमिनीत लाँड्रीतल्या बायकांची दफनभूमी होती. सरकारी परवाना १३३ देह उकरून काढण्याचा होता. प्रत्यक्षात १५५ निघाले. जादा निघालेल्या बायका कोण होत्या याची धड नोंद नव्हती आणि अनेकींच्या मृत्यूचे दाखलेच नव्हते. देहांचं दहन करून अस्थी ग्लासनेव्हिनच्या दफनभूमीत एकत्र पुरल्या गेल्या. ज्या आवारात एका पंधरा वर्षांच्या मुलीनं रात्रभर त्या हाका ऐकल्या, तेच हे आवार. तिच्या बोलण्याला पुरावा काय असं १९९२ मध्ये विचारणाऱ्यांच्या शहरातच तो जमिनीखाली होता.

आता गाण्याकडे येतो, कारण तिच्या बाबतीत गाणं आणि निषेध यांची फारकत करण्याची सवय सर्वांत जास्त नुकसान करते. १९८५ मध्ये आई मोटार अपघातात गेली, त्याच वर्षी शिनेड लंडनला आली. 'एन्साइन' कंपनीनं तिच्याशी करार केला होता. पहिल्या तबकडीसाठी नेमलेल्या निर्मात्यासोबत केलेलं ध्वनिमुद्रण तिला पसंत पडलं नाही. ते बाजूला सारून, विसाव्या वर्षी, गरोदर असताना, तिनं सगळी तबकडी स्वतः नव्यानं घडवली. कंपनीतल्या लोकांनी केस वाढव, जरा नटून-थटून राहा असं सुचवल्यावर तिनं डोक्याचा गोटा करून घेतला. १९८७ च्या या तबकडीचं नाव 'द लायन अँड द कोब्रा'. ते बायबलातल्या ९१ व्या स्तोत्रातून घेतलेलं आहे. तीतलं 'ट्रॉय' हे गाणं साडेसहा मिनिटांचं. ते जवळजवळ कुजबुजीत सुरू होतं, मध्ये आवाज दबा धरून बसतो, आणि मग अशा उंचीवर जातो की तिथे सूर आणि किंकाळी यांतला फरक उरत नाही; तरीही सूर ढळत नाही. या गाण्याच्या पाठीशी कवी येट्सची ट्रॉयवरची कविता आहे आणि आईशी असलेलं तिचं जळतं नातंही आहे. पॉप संगीताच्या नेहमीच्या कसोट्या इथे अपुऱ्या पडतात. हा आवाज कुठून आला, हे समजायला आयर्लंडच्या जुन्या परंपरेत जावं लागतं.

त्या परंपरेत मृताच्या उशाशी बसून बायका विलाप गात. हे नुसतं रडणं नव्हतं. त्याला रचना होती, ठरलेले आलाप होते, काही बायका त्यात वाकबगार असत आणि त्यांना बोलावणं जाई. महत्त्वाची गोष्ट अशी, की या विलापात शोकाच्या जोडीनं आरोपही करता येई. १७७३ साली आर्ट ओ'लीरी या सरदाराला गोळी घालून मारलं, तेव्हा त्याच्या विधवेनं, आयलीननं, गायलेला विलाप आयरिश साहित्याचं लेणं मानला जातो. त्यात पतीचं रूप आणि पराक्रम आहे, तसा मारणाऱ्याला नाव घेऊन दिलेला शापही आहे. चर्चला या बायका नकोशा होत्या. सतराव्या शतकापासून धर्मसभांनी या विलापाविरुद्ध ठराव केले, आणि विसाव्या शतकात तो जवळपास मावळला. शिनेडनं १९९० च्या 'आय डू नॉट वाँट व्हॉट आय हॅव्हन्ट गॉट' या तबकडीत एक जुनी आयरिश कविता गायली आहे. प्रेयसीच्या थडग्यावर पडून राहिलेल्या माणसाचा तो शोक. इंग्रजी भाषांतर फ्रँक ओ'कॉनर यांचं, चाल फिलिप किंग यांची. तिनं त्याखाली जेम्स ब्राऊनच्या वाद्यवृंदातल्या ड्रमचा एक गाजलेला ठेका फिरता ठेवला, आणि शेवटी स्टीव्ह विकहॅमचं फिडल मोकळं सोडलं. कृष्णवर्णीय अमेरिकेचा ठेका आणि आयर्लंडचा विलाप तिथे एकाच श्वासात चालतात. ते गाणं ऐकल्यावर मला तरी असं म्हणणं अवघड वाटतं, की ही मुलगी गायिका म्हणून एक होती आणि निषेध करणारी म्हणून दुसरी. बायकांच्या शोकाला चारचौघांत आरोप करण्याचा अधिकार असतो, हे तिच्या गायकीच्या मुळाशीच आहे.

इथे एक आक्षेप नेहमी येतो, की तिला जगभर नेणारं गाणं तिचं नव्हतंच. 'नथिंग कम्पेअर्स टू यू' प्रिन्सनं लिहिलं आणि 'द फॅमिली' या वाद्यवृंदानं १९८५ मध्ये ते आधी ध्वनिमुद्रित केलं, हे खरं. मग तिला गीतकार कशाला म्हणायचं? उत्तर सोपं आहे : पहिल्या दोन्ही तबकड्यांतली बहुतेक गाणी तिनं लिहिली आहेत. पण या गाण्याबद्दलही थोडं थांबून बोलायला हवं. मूळ ध्वनिमुद्रण ऐका. ते एक चांगलं विरहगीत आहे, त्याहून जास्त काही नाही. शिनेडनं त्यातली सजावट काढून टाकली आणि आवाजाला जवळजवळ एकटं उभं केलं. जॉन मेबरीनं केलेल्या चित्रफितीत बराच वेळ पडद्यावर फक्त तिचा चेहरा आहे. आईनं अंगणात लावलेल्या फुलांचा उल्लेख येतो तिथे तिच्या डोळ्यांतून पाणी ओघळतं. ते ठरवलेलं नव्हतं, मला माझी आई आठवली, असं तिनं सांगितलं आहे. म्हणजे दुसऱ्यानं लिहिलेलं प्रियकराचं गाणं तिच्या गळ्यात शिरून मृत आईचा विलाप झालं. ते अनेक देशांत पहिल्या क्रमांकावर गेलं, आणि १९९० मध्ये एमटीव्हीचा वर्षातल्या सर्वोत्तम चित्रफितीचा पुरस्कार घेणारी ती पहिली स्त्री ठरली.

यशाच्या ऐन भरातही ती गप्प नव्हती, आणि हे क्रमानं पाहिलं की १९९२ चा प्रसंग अचानक आलेला झटका होता हे म्हणणं टिकत नाही. १९८९ च्या ग्रॅमी समारंभात रॅप संगीताला पहिल्यांदा पुरस्कार होता, पण तो टीव्हीवर दाखवायचा नाही असं आयोजकांनी ठरवलं. शिनेड तिथे गायला आली ती आपल्या भादरलेल्या डोक्यावर 'पब्लिक एनिमी' या रॅप वाद्यवृंदाचं चिन्ह रंगवून. १९९० च्या तबकडीत 'ब्लॅक बॉइज ऑन मोपेड्स' हे गाणं आहे, लंडनच्या पोलिसांच्या वागणुकीवरचं; १९८३ मध्ये स्टोक न्यूइंग्टनच्या पोलीस ठाण्यात गोळी लागून मेलेल्या कॉलिन रोच या तरुणाच्या आईवडिलांचा फोटो तिनं वेष्टनावर छापला. १९९० मध्येच न्यू जर्सीत तिच्या कार्यक्रमाआधी अमेरिकेचं राष्ट्रगीत वाजवायचं नाही असं तिनं सांगितलं, तेव्हा फ्रँक सिनात्रासारख्या बड्या गायकानं तिला लाथ घालण्याची भाषा केली. १९९१ मध्ये तिला ग्रॅमी मिळालं आणि तिनं ते नाकारलं. संगीताचा धंदा कलेपेक्षा विक्रीला मान देतो, हे तिचं कारण होतं. या सगळ्या प्रसंगांत एक सूत्र आहे. ज्या मंचानं तिला बोलावलं, त्याच मंचावर त्या मंचाला नको असलेली गोष्ट ती बोलत होती.

३ ऑक्टोबर १९९२ च्या रात्री न्यूयॉर्कच्या 'सॅटरडे नाइट लाइव्ह' या थेट प्रक्षेपित होणाऱ्या कार्यक्रमात ती दुसऱ्यांदा गायला उभी राहिली. अंगात पांढरा लेसचा झगा, शेजारी मेणबत्त्या, साथीला एकही वाद्य नाही. गाणं बॉब मार्लेचं 'वॉर', ज्याचे शब्द इथिओपियाचे सम्राट हैले सेलासी यांच्या संयुक्त राष्ट्रांतल्या १९६३ च्या भाषणावरून घेतलेले आहेत. वंशभेदाचा उल्लेख होता तिथे तिनं शब्द बदलून मुलांवरचे अत्याचार असं स्पष्ट म्हटलं. शेवटी पोप जॉन पॉल दुसरे यांचा फोटो कॅमेऱ्यासमोर धरला, फाडला आणि तुकडे भिरकावले. तालमीत तिनं त्या जागी एका लहान मुलाचा फोटो धरला होता, त्यामुळे कुणाला कल्पना नव्हती. पोपचा फोटो कुठून तरी आणलेला नव्हता. तो तिच्या आईच्या खोलीतल्या भिंतीवर होता, आई गेल्यावर तिनं तो काढून घेतला आणि सात वर्षं जवळ जपला. प्रेक्षागृहात टाळ्यांचा इशारा देणारा दिवा लावला गेला नाही. कुणी टाळी वाजवली नाही. पुढच्या आठवड्यात त्याच मंचावरून तिची टर उडवण्यात आली. न्यूयॉर्कच्या रस्त्यावर तिच्या तबकड्या रोलरखाली चिरडल्या गेल्या. दोन आठवड्यांनी मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये बॉब डिलनच्या कारकिर्दीला तीस वर्षं झाल्याचा सोहळा होता. तिथे श्रोत्यांनी तिची इतकी हुर्यो उडवली, की ठरलेलं गाणं सोडून तिनं पुन्हा 'वॉर'च मोठ्यानं म्हटलं आणि ती मंचावरून निघून गेली. निषेधाच्या गाण्यांनी मोठ्या झालेल्या कवीचा तो सोहळा होता.

आता मुख्य प्रश्न. ऐकणाऱ्यांना तेव्हा कळणं शक्य होतं का? आधी उत्तर अमेरिकेपुरतं पाहू. १९८५ मध्ये लुईझियानातल्या एका पाद्र्याला मुलांवरच्या अत्याचारांबद्दल वीस वर्षांची शिक्षा झाली होती आणि कॅथलिकांच्याच एका साप्ताहिकानं त्यावर सविस्तर लिहिलं होतं. १९८९ मध्ये कॅनडाच्या न्यूफाउंडलंड प्रांतातल्या माउंट कॅशेल अनाथाश्रमाची चौकशी सुरू झाली. तो चालवणारा ख्रिश्चन ब्रदर्स हा संघ आयर्लंडमध्येच स्थापन झालेला. मे १९९२ मध्ये मॅसॅच्युसेट्समधल्या एका माजी पाद्र्याचे बळी मोठे होऊन जाहीरपणे बोलू लागले, आणि बॉस्टनचे कार्डिनल लॉ यांनी बातम्या देणाऱ्या पत्रांवर, विशेषतः 'बॉस्टन ग्लोब'वर, देवाचा कोप ओढवो अशा अर्थाचे उद्गार काढले. शिनेड मंचावर आली ती त्यानंतर पाच महिन्यांनी. आयर्लंडमध्ये काय स्थिती होती? डब्लिनच्या धर्मप्रांतानं अत्याचाराच्या दाव्यांपोटी द्याव्या लागणाऱ्या भरपाईसाठी १९८७ मध्येच विमा उतरवला होता, हे २००९ च्या मर्फी अहवालात नोंदलेलं आहे. विमा संभाव्य घटनेचा उतरवतात, आणि ती संभाव्यता किती मोठी आहे हे उतरवणाऱ्याला माहीत असतं. ब्रेंडन स्मिथ या पाद्र्याबद्दलच्या तक्रारी त्याच्या वरिष्ठांकडे कित्येक दशकं होत्या. १९९१ मध्ये उत्तर आयर्लंडच्या पोलिसांनी त्याला पकडलं, तो सुटून सीमेपलीकडच्या मठात राहिला, आणि त्याच्या हस्तांतरणातल्या दिरंगाईवरून नोव्हेंबर १९९४ मध्ये आयर्लंडचे पंतप्रधान अल्बर्ट रेनल्ड्स यांचं सरकार पडलं. या गोष्टी १९९२ च्या भविष्यात दडलेल्या नव्हत्या. त्या कपाटांत, फायलींत, पोलीस ठाण्यांत होत्या, आणि शेकडो घरांतल्या मोठ्या झालेल्या मुलांच्या मनात होत्या.

यावर दुसरा आक्षेप असा, की तिनं मुद्दा समजावून सांगितला नाही. फोटो फाडण्याचं चित्र एवढं भडक होतं की त्याखाली सगळं दबून गेलं. यात तथ्य आहे. दोन-चार वाक्यं आधी बोलली असती तर काही लोकांना तरी संदर्भ लागला असता. पण गाण्यात बदललेले शब्द लपवलेले नव्हते. मुलांवरचे अत्याचार हे शब्द तिनं स्वच्छ उच्चारले. त्यानंतरच्या आठवड्यांत तिनं मुलाखतींतून चर्च आणि मुलांचा छळ यांचा संबंध जोडून दाखवला. चर्चा मात्र फोटोचीच होत राहिली. एखाद्याला ऐकायचंच नसेल तर तो बोलणाऱ्याच्या पद्धतीला दोष देतो. आणि समजा पद्धत सौम्य असती, तर त्या वर्षांत सौम्यपणे तक्रार करणाऱ्या आईबापांचं काय झालं ते पाहावं. ते बिशपांकडे गेले, आदरानं बोलले, आणि त्यांच्या मुलांना गुप्ततेच्या शपथा घालण्यात आल्या.

तिसरा आक्षेप मला सर्वांत गंभीर वाटतो. ज्या कोट्यवधी भाविकांनी कुणावर अत्याचार केला नव्हता, त्यांच्या श्रद्धेला तिनं का दुखावलं? अमेरिकेतले आयरिश, इटालियन, पोलिश कॅथलिक यांच्यासाठी तो फोटो घरच्या देवासारखा होता. ती वेदना खोटी नव्हती, आणि तिला हसण्यावारी नेणारे शिनेडचे चाहते चुकतात. पण शिनेड श्रद्धेच्या बाहेर उभी राहून दगड मारत नव्हती. पहिल्या तबकडीच्या नावातच स्तोत्र आहे. १९९९ मध्ये एका फुटून निघालेल्या कॅथलिक पंथाच्या बिशपकडून तिनं पाद्रीपदाची दीक्षा घेतली, जे रोमला अमान्य होतं. २००७ ची 'थिऑलॉजी' ही तबकडी बायबलातल्या पैगंबरांच्या आणि स्तोत्रांच्या आधारानं उभी आहे. २०१८ मध्ये तिनं इस्लाम स्वीकारला. आयुष्यभर देव शोधणारी ही बाई होती. तो फोटो तिच्या घरचा होता, तिच्या आईच्या श्रद्धेचा होता. तो फाडताना ती सर्वांत आधी स्वतःच्या घरातलं काहीतरी फाडत होती. देव आणि देवाच्या नावानं चालणारी संस्था यांत भेद करण्याचा हक्क भाविकालाच सर्वांत जास्त असतो.

चौथं म्हणणं इतिहासकारांचं असू शकतं : तिनं बदललं काय? आयर्लंड बदललं ते बळी ठरलेल्या माणसांनी धीर करून जबानी दिली म्हणून, मेरी राफ्टरीसारख्या पत्रकारांनी 'स्टेट्स ऑफ फिअर' ही मालिका केली म्हणून. ती मालिका १९९९ मध्ये प्रसारित होत असतानाच पंतप्रधान बर्टी अहर्न यांनी माफी मागितली आणि चौकशी आयोग नेमला. त्याचा, म्हणजे रायन आयोगाचा, अहवाल मे २००९ मध्ये आला. हे सगळं मला मान्य आहे. त्या श्रेयातला वाटा तिला द्यावा असं मी म्हणत नाही, आणि तिच्या निधनानंतर काही ठिकाणी जणू तिनंच चर्चची सत्ता उलथवली असं लिहिलं गेलं ते मला पटत नाही. माझं म्हणणं मर्यादित आहे. तीही जबानी देणाऱ्यांपैकीच एक होती. फरक एवढाच, की तिच्याकडे कॅमेरा होता, आणि तरी तिचं तेच झालं जे कॅमेरा नसलेल्यांचं झालं.

हे कसं झालं ते पाहिलं की तिच्या अस्थिरपणाबद्दलच्या आक्षेपाचंही उत्तर सापडतं. ती बोललेलं फिरवायची. आजारी होती, ते तिनं स्वतः उघड केलं. नावं बदलली, निवृत्ती जाहीर केली आणि मागे घेतली. २०१८ मध्ये मुस्लिमेतरांबद्दल तिनं जे लिहिलं ते दुखावणारं होतं आणि त्याबद्दल तिनं माफी मागितली. यातलं काहीही झाकायची गरज नाही. प्रश्न असा, की यामुळे १९९२ ची साक्ष कमजोर होते का? आयर्लंडमध्ये एखाद्या मुलीला लाँड्रीत किंवा सुधारगृहात टाकायचं तर आधी तिच्यावर एक शिक्का मारावा लागे : हाताबाहेर गेलेली, खोटारडी, डोकं ठिकाणावर नसलेली. तो शिक्का मारला की तिनं आत काय घडलं ते सांगितलं तरी कुणी विश्वास ठेवत नसे, कारण ती तशीच होती ना. शिनेडवर पंधराव्या वर्षी हा शिक्का बसला आणि पंचविसाव्या वर्षी न्यूयॉर्कमध्ये शब्दशः तोच पुन्हा बसला. छळ झालेल्या माणसाचं वागणं नीटनेटकं नसतं. छळाची ती खूणच आहे. नीटनेटक्या साक्षीदाराची अट घातली तर या प्रकारच्या गुन्ह्याला साक्षीदार कधी मिळणारच नाही.

आणि कारकीर्द उद्ध्वस्त झाली हे तरी खरं आहे का? त्या रात्रीनंतर तिच्या सात तबकड्या आल्या. १९९४ च्या 'युनिव्हर्सल मदर'मध्ये आयर्लंडच्या दुष्काळावर रॅपच्या चालीत केलेलं विवेचन आहे. २००२ च्या 'शॅन-नोस नुआ'मध्ये जुनी आयरिश लोकगीतं आहेत. २००५ ची रेगे गाण्यांची तबकडी तिनं जमैकाला जाऊन स्लाय आणि रॉबी यांच्यासोबत केली. २०१४ ची शेवटची तबकडी आयर्लंडमध्ये पहिल्या क्रमांकावर गेली. अमेरिकेतली प्रचंड विक्री संपली, हे खरं. तिचं स्वतःचं मत मात्र उलट होतं : आपल्याला वाटेवरून ढकललं ते पहिल्या क्रमांकाच्या गाण्यानं, आणि फोटो फाडल्यामुळे आपण परत वाटेवर आलो, असं तिनं आत्मचरित्रात लिहिलं आहे. विक्रीचे आकडे हेच कारकिर्दीचं माप धरायचं की नाही, हा वाद तिनं १९९१ मध्ये ग्रॅमी नाकारतानाच घातला होता.

८ ऑगस्ट २०२३ रोजी ब्रे या समुद्रकाठच्या गावातून तिची अंत्ययात्रा निघाली. तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष मायकेल हिगिन्स अंत्यविधीला होते, रस्त्याच्या दुतर्फा हजारो लोक उभे होते. सप्टेंबरमध्ये मॅग्डलीन लाँड्र्यांवरच्या बीबीसीच्या एका मालिकेच्या अखेरच्या भागात तिचं तोवर अप्रकाशित असलेलं एक गाणं वाजलं. त्याचं नावच 'द मॅग्डलीन साँग' आहे. काळाच्या पुढे होती असं म्हणताना एक गृहीत धरलेलं असतं, की आता तो काळ आला आहे. ते तपासून पाहावं. पंतप्रधान एंडा केनी यांनी १९ फेब्रुवारी २०१३ रोजी मॅग्डलीन लाँड्र्यांतल्या बायकांची राज्याच्या वतीनं माफी मागितली आणि भरपाईची योजना जाहीर झाली. लाँड्र्या चालवणाऱ्या चार धर्मसंघांनी त्या निधीत वाटा उचलायला नकार दिला. त्यांत हाय पार्कचा संघही होता. अविवाहित मातांच्या आणि त्यांच्या मुलांच्या आश्रमांवरचा सरकारी अहवाल जानेवारी २०२१ मध्ये आला, आणि अठरा संस्थांत मिळून सुमारे नऊ हजार मुलं मेल्याचं त्यात नोंदलं गेलं. ट्यूम गावातल्या तशा एका आश्रमाच्या जमिनीखाली शेकडो तान्ह्या मुलांचे देह असावेत, हे एका स्थानिक अभ्यासक बाईनं चिकाटीनं शोधून २०१४ मध्ये जगापुढे आणलं होतं. तिथलं उत्खनन सुरू व्हायला २०२५ साल उजाडलं.